वकीलशेठ स्वतः वाढतात तेव्हा

खर्र… खर्र… खर्र…

स्वयंपाकघरातून खवणीचा आवाज आला आणि मोरीत बसलेली निशा दचकली. तिचा दीर भावेश धापा टाकत घरात शिरला होता, बाथरूमचं दार लावून घेतलं होतं, आणि तेव्हापासून घरात कुणी चकार शब्द काढला नव्हता. गावातला डीजे बंद पडला होता. शॉवरही केव्हाच थांबला होता. आणि आता तिच्या सासूबाई, आक्का, नारळ खवायला बसल्या होत्या.

निशाच्या हातात लेकीचा, रुचिकाचा पिवळा फ्रॉक होता. गळ्याच्या लेसखाली तांबडे शिंतोडे. रक्ताचा डाग गार पाण्याने जातो, हे बाईला कुणी शिकवावं लागत नाही. तरी चोळला की तो गुलाबी होऊन पसरत होता. रुचिका पेटिकोटवर तिच्या पाठीला चिकटून उभी होती. सहा वर्षांची पोर, एरवी बोलून बोलून कान किटवणारी; निशाने देवळासमोरून उचलून आणल्यापासून गप्प.

"आक्का, आत्ता नारळ कशाला?" निशाने मोरीतूनच विचारलं.

"पुनव हाय. नारलीभात नको व्हायला?" खवणी थांबली नाही. "मानूस मरो न्हायतर जगो, पोट थांबतं व्हय?"

पूर्णा गावात नारळी पुनवेला नारळ लढवायची रीत जुनी. भातशेती जाऊन गोडाउनं उभी राहिली, खाडीचं पाणी काळं झालं, पण ही रीत टिकली. देवळासमोर दोघं उभे राहतात. एकाने सोललेला नारळ मुठीत घट्ट धरायचा, दुसऱ्याने आपला नारळ त्यावर हाणायचा. ज्याचा फुटेल त्याने तो समोरच्याला द्यायचा. हरलेला हसतो, जिंकलेला पिशवी भरतो, आणि मग सगळे मिळून खाडीला नारळ वाहायला जातात.

आज भावेशचा नारळ फुटला. मग दुसरा फुटला. मग तिसरा. समोर होता जयवंत, पलीकडच्या आळीतला, त्यांच्याच भावकीतला. यंदा जिल्हा परिषदेच्या तिकिटासाठी भावेशचं नाव चालू होतं. चौकात बॅनर लागले होते, मंडळाच्या सगळ्या पोरांना त्याने सारखे निळे टीशर्ट वाटले होते, स्वतःही तोच घातला होता. पिशवी धरून रुचिका काकाच्या बाजूला उभी होती आणि पिशवी रिकामीच होती.

"अरे भावेश," जयवंत मोठ्याने म्हणाला, "तुझा बाप कोर्टात करतो तसं इथं पन कर ना! कुनाला तरी पुढं उभा कर. फुटंल त्याचा, जिंकशील तू!"

लोक खो खो हसले. सगळे हसले म्हणून रुचिकाही हसली.

भावेशने पुतणीकडे एकदा पाहिलं. मग हातातला नारळ जयवंतच्या कानशिलावर हाणला.

आवाज असा आला, की मागच्यांना वाटलं नारळच फुटला. "फुटला, फुटला!" म्हणून कुणीतरी टाळ्यासुद्धा वाजवल्या. जयवंत गुडघ्यांवर आला. भावेश त्याच्या छातीवर बसला आणि हाणत राहिला, खलबत्त्यात कुटावं तसा, एका लयीत, नारळ खरंच फुटेपर्यंत. नारळाचं पाणी आणि रक्त मिसळून देवळाच्या फरशीवरून वाहिलं. फुटल्यावर तो करवंटीच्या धारेने मारू लागला. तेव्हा निशाचा भाऊ कुणाल मध्ये पडला. त्याने मागून भावेशला कव घातली. भावेशच्या कोपराने त्याचा ओठ फाटला, तरी त्याने सोडलं नाही, ओढून बाजूला केलं. मग जयवंतला दोन्ही हातांवर उचललं, आपल्या टेम्पोत घातलं आणि टेम्पो ठाण्याच्या दवाखान्याकडे पिटाळला.

कुणाल टेमघरचा. दापोड्याला निशाच्या नवऱ्याचं, दीपेशचं गोडाउन होतं, तिथे टेम्पो चालवायचा. सकाळी बहिणीकडून राखी बांधून घ्यायला आला होता, भावेशने त्यालाही निळा टीशर्ट घालायला लावून देवळाकडे नेला, म्हणून त्या गर्दीत होता. नाहीतर कशाला असता?

निशाने फ्रॉक पिळला. हॉलमध्ये खुर्ची सरकल्याचा आवाज आला. सासरे उठले होते.

रामनाथ वकील. पंचक्रोशीत वकीलशेठ. खाडीवर वाळू काढणाऱ्याचा मुलगा, गावातला पहिला एलएल.बी. भिवंडीच्या कोर्टाबाहेर पिंपळाखाली टेबल टाकून त्यांनी सुरुवात केली, तेव्हा अशील कमी आणि कावळे जास्त असत, असं ते स्वतःच सांगत. मग जमिनींना भाव आले. भाव आले तशा मारामाऱ्या आल्या. माती भरणीवरून, बांधावरून, गोडाउनच्या हमालीच्या ठेक्यावरून माणसं एकमेकांवर कोयते काढू लागली, आणि ज्याच्या त्याच्या तोंडी एकच, "वकीलशेठकडे चला."

त्यांची काम करायची पद्धत इतर वकिलांसारखी नव्हती. बाकीचे आरोपी पकडला गेल्यावर वकीलपत्र घेत. वकीलशेठ आरोपी आधी ठरवत. रक्त सुकायच्या आत दोन्हीकडची माणसं ओटीवर बोलवायची, चहा पाजायचा, आणि शांतपणे विचारायचं, "याच्यात आत जायला कोण परवडंल?" ज्याच्यावर घर चालतं तो नाही, ज्याची सोयरीक ठरली आहे तो नाही, ज्याच्या नावावर जमीन आहे तो तर नाहीच. मग उरायचा कोणीतरी. त्याला वकीलशेठ स्वतः गाडीत बसवून पोलीस ठाण्यात हजर करायचे. आणि शब्द द्यायचे, तू आत असशील तोवर तुझ्या घरची चूल विझणार नाही.

शब्द त्यांनी कधी मोडला नाही. दिवाळीला त्या घरात फराळ जायचा, पोरांना वह्या जायच्या, म्हातारी आजारी पडली तर वकीलशेठची गाडी दारात. आत जाऊन आलेला माणूस आयुष्यभर त्यांचा. त्याची आळी त्यांची, त्याचं बूथ त्यांचं. अशा एकेका घरावर पाय देत ते पंचायत समितीत गेले, जिल्हा परिषदेत गेले, विधानसभेत गेले. एकदा पडले, पुन्हा निवडून आले. पांढरा सदरा, खिशाला पेन, आवाज कधी चढलेला नाही. त्यांनी कुणाला चापटसुद्धा मारलेली कुणी पाहिली नव्हती.

आणि एक रीत होती. जो आत जायचा, त्याला ते जाण्याआधी आपल्या घरात जेवायला बसवत, आणि स्वतःच्या हाताने वाढत. एरवी ताटाजवळचं मीठसुद्धा हाताने न घेणारा माणूस! निशाने लग्न झाल्यापासून दोनदा पाहिलं होतं. पहिल्या वेळी तिला वाटलं होतं, किती मोठ्या मनाचे आहेत बाबा.

"निशा," आक्कांनी हाक मारली, "तांदूल धू. आन गूल काढ."

निशाने तांदूळ धुतले, गूळ चिरला. हात चालत होते आणि डोक्यात काहीतरी खटकत होतं, पण काय ते हाती लागत नव्हतं.

नारळीभाताला वाफ आली तेव्हा टेम्पोचा आवाज आला. कुणाल आत आला. निळा टीशर्ट छातीपासून पोटापर्यंत काळपट लाल. ओठ सुजलेला. सकाळी निशाने बांधलेली राखी रक्ताने भिजून सुकली होती, गोंडा मनगटाला चिकटला होता.

"आहे अजून," तो दारातच म्हणाला. "पण डॉक्टर म्हणतात मेंदूत रक्त साचलंय. शुद्ध नाही. ताई, पाणी दे ना जरा."

निशा तांब्या घ्यायला वळली, तर वकीलशेठच पुढे झाले. त्यांनी फिल्टरचं पाणी पेल्यात घेतलं आणि कुणालच्या हातात दिलं.

"बस पोरा. दमलास. मोठं काम केलंस तू आज."

"आंघोळ करतो शेठ आधी. अंग चिकट झालंय."

"नको." त्यांनी त्याच्या खांद्यावर हात ठेवला. "शर्ट राहू दे. राखी पन राहू दे. जेव आधी. आक्का, ताट दे मना."

आक्कांनी ताट पुढे केलं. वकीलशेठनी सदऱ्याच्या बाह्या दुमडल्या, पातेल्यातून नारळीभात घेतला, मूद घातली, वर तुपाची धार सोडली.

निशाच्या हातातून तांब्या सुटला. पाणी फरशीवर पसरलं. मघापासून खटकत होतं ते हे होतं. खवणी सणासाठी चालू नव्हती.

"बाबा," ती म्हणाली, "त्याला का वाढताय?"

"भूक लागली आसंल त्याला."

"तुम्ही का वाढताय?"

ओटीवर म्हातारा पंढरी बसला होता, रोजच्यासारखा, खांबाला टेकून. वकीलशेठचा पहिला माणूस तो. तरुणपणी 'तीन महिन्यांत सुटशील' म्हणून आत गेला आणि कैक वर्षांनी तुरुंगातून बाहेर आला तेव्हा बाप गेलेला होता, आणि बापाचं पिंडदान केलेला चुलतभाऊसुद्धा त्याला ओळखेना. तो उंबऱ्यातून आत डोकावला.

"शेठनी शब्द पाल्ला हा, सूनबाय," तो म्हणाला. "माझी चूल कवाच इझली न्हाय. चुलीपुढं बसनारी तेवढी गेली. दुसऱ्याच्या घरी गेली."

"पंढरी, च्या पी," वकीलशेठ म्हणाले. तो परत खांबाला टेकला.

मग त्यांनी खुर्ची ओढली आणि समजुतीच्या सुरात, अशिलाला सांगावं तसं, सांगितलं. "बघ बाला. मोबाईलमध्ये घेतलंय पोरांनी. सगल्यांचे टीशर्ट सारखे. मारनाऱ्याची पाठ दिसते, तोंड न्हाय. रक्त कोनाच्या अंगावर हाय? ठाण्याच्या दवाखान्यात कोन दिसला? जयवंतच्या भावाशी माझं बोलनं झालंय, त्याची वाटपाची केस माझ्याकडंच हाय. नारल हत्यारात येत न्हाय. सणाचा खेल, रागाच्या भरात लागला. नव्या कायद्यात कलमांचे नंबर बदलले, जामीन तोच हाय."

"आणि मेला तर?"

"तर बघू."

"त्याने वाचवलं त्याला! तुमच्या मुलाला पण वाचवलं त्याने, नाहीतर तिथेच जीव घेतला असता!" निशाचा आवाज चिरकला. "मारलं भावजींनी. अख्ख्या गावाने बघितलं."

"गाव म्हंजे कोन?" ते हसले. "गाव मीच हाय."

बाथरूमचं दार उघडलं. भावेश बाहेर आला, कोरा शर्ट, केसांना जेल, साबणाचा वास. उजव्या हाताची बोटं सोललेली. "काय लावलंय वहिनी? दोन महिन्यांवर फॉर्म भरायचाय माझा. कुणाल आपला माणूस आहे. तो काय नाही बोलला का? विचार त्याला. बोल ना भाई."

कुणालने ताटाकडे पाहिलं. "ताई, आईचं ऑपरेशन शेठनीच करून दिलं ना. मी नाही कसं म्हणू?"

निशाने पाहिलं, त्याचा हात ताटाकडे चालला होता. पहिला घास पोटात गेला की परतीची वाट बंद, हे या घरात सगळ्यांना माहीत होतं. तिने झेप घेतली आणि ताट उडवलं. भात भिंतीवर आदळला, ताट गरगरत कोपऱ्यात गेलं. गरम तूप तिच्या मनगटावर सांडलं, तिला कळलंही नाही.

"नाही जेवणार तो! पोलीस येऊ देत, मी सांगते कुणी मारलं!"

दीपेश आतापर्यंत खिडकीशी फोनवर होता. त्याने फोन खिशात टाकला, दोन ढांगांत आला आणि बायकोच्या कानाखाली अशी वाजवली, की तिचं डोकं फ्रिजच्या कडेला लागलं. दुसरी मारली. कानात शिटी वाजली. कुणाल उठला, "दाजी!" म्हणून मध्ये धावला, तर भावेशने त्याच्या फाटक्या ओठावरच ठोसा दिला. कुणाल खाली बसला.

"दीपेश, आत ने तिला," वकीलशेठ म्हणाले. आवाज तसाच, न चढलेला. "रुचिका कुठाय? ये गो माझी वाघीन, आबाकडं ये."

दीपेशने निशाला फरफटत कोठीच्या खोलीत नेलं आणि तिचा हात पाठीमागे पिरगळून तिला पोत्यांवर दाबून धरलं. तांदळाच्या पोत्याचा वास तिच्या नाकात शिरला. "गप पड," तो दातांतल्या दातांत म्हणाला, आणि मग एकदम रडवेल्या आवाजात, "माझा भाऊ आहे तो, निशा."

"तो माझा भाऊ आहे."

त्याने हात आणखी वर चढवला. दार अर्धवट उघडं होतं. बाहेरून सासऱ्यांचा आवाज येत होता, मायेचा, मऊ. रुचिकाला झोपवताना, पाढे शिकवताना असायचा तोच.

"देवलासमोर काय झालं गो बाला?"

खुर्ची जवळ सरकल्याचा आवाज आला.

"नारल कोनाच्या हातात होता?"

"काकाच्या." कितीतरी वेळाने निघालेला पहिला शब्द.

"काकाच्या होता, बरोबर. मंग काकाकडनं मामानी घेतला. आन मामानी मारला. कोनी मारला?"

"…"

"रुचिका हुशार हाय ना? शालेत कविता पाठ म्हनते ना? कोनी मारला?"

"मामानी."

"शाब्बास! परत."

"मामानी मारला."

निशाने किंचाळायला तोंड उघडलं, तर दीपेशने तळहात दाबला. ती चावली. रक्ताची चव आली. त्याने हात काढला नाही.

थोड्या वेळाने वकीलशेठ दारात आले. दीपेशला मान हलवून बाहेर घालवलं आणि तिच्यासमोर पोत्यावर बसले, थकल्यासारखे.

"तू शिकलेली हायस, म्हनून नीट सांगतो," ते म्हणाले. "तू खरं बोलशील, ठीक हाय. मंग पोलीस म्हनतील, अजून कोनी जवलनं बघितलं? सगल्यात जवल कोन होती? पोरगी. मंग तिचा जबाब. मंग कोर्ट. माझ्यासारखा वकील तिला उभी करील आन विचारील. आज न्हाय, चार वर्षांनी. दहा वर्षांची होईल, तिला रोज तेच रक्त आठवावं लागंल. मी लई पोरांना असं उभं केलंय. रडवलंय. मना म्हाईत हाय कसं रडवायचं." ते थांबले. "माझ्या नातीला नको वाटतं. तुला?"

त्यांनी तिच्या भाजलेल्या मनगटाकडे पाहिलं. "आक्काला कोरफड लावायला सांगतो," म्हणाले आणि उठून गेले.

निशा तशीच बसून राहिली. पदराने तोंड पुसलं. एका हाताला भाऊ होता आणि दुसऱ्या हाताला पोर, आणि म्हातारा तिला कोणता हात तोडायचा ते विचारून गेला होता. पण पोरगी रोज शेजारी झोपते. आज खोटं बोलली तर रोज उशाशी ते खोटं घेऊन झोपेल. त्यापेक्षा रडू दे कोर्टात. आई असेल ना बाजूला उभी. निशा उठली. ती सांगणार होती.

ती बाहेर आली तेव्हा जीप दारात लागत होती. हॉलमध्ये जमिनीवर कुणाल बसला होता. भिंतीवरून ओघळलेला नारळीभात तो बोटांनी गोळा करून खात होता. ओठातलं रक्त भाताला लागत होतं.

"कुणाल!"

"अन्न आहे ताई," तो मान वर न करता म्हणाला. "पायाखाली येतं. आईला सांग, टेम्पोचं भाडं घेऊन महिनाभर गुजरातला गेलाय म्हणून."

इन्स्पेक्टर आत आले. टोपी काखेत, चेहऱ्यावर संकोच. "वकीलसाहेब, वरून सारखे फोन आहेत, म्हणून यावं लागलं."

"या ना साहेब, बसा." आता वकीलशेठची भाषा कोर्टातली, धुतलेली. "मीच येणार होतो. मुलगा स्वतःहून हजर होतोय. हा कुणाल, माझ्या सुनेचा सख्खा भाऊ. मला किती वाईट वाटतंय म्हणून सांगू!"

इन्स्पेक्टरनी कुणालच्या टीशर्टकडे पाहिलं. मग निशाच्या सुजलेल्या गालाकडे पाहिलं आणि नजर काढून घेतली. "ताई, तुम्ही होतात ना तिथे? काय झालं?"

निशाने श्वास घेतला. भावेश सोफ्यावर सोललेली बोटं उशीखाली घालून बसला होता. आक्का स्वयंपाकघराच्या दारात, हातात कोरफड. निशाच्या जिभेवर नाव आलंसुद्धा होतं. भा…

"मामानी मारला," रुचिका म्हणाली.

स्पष्ट, खणखणीत, गॅदरिंगमध्ये म्हणतात तसं. ती आजोबांच्या गुडघ्याशी उभी होती, नवा फ्रॉक, केसांना रिबिन. "काकाच्या हातात नारळ होता. मग मामानी घेतला. मग मामानी मारला."

इन्स्पेक्टर वाकले. "बाळा, तू बघितलंस?"

"हो," रुचिका म्हणाली आणि आईकडे पाहिलं, चुकलं तर सांग म्हणून.

निशाने पोरीचे डोळे पाहिले. आता 'ती खोटं बोलतेय' असं म्हणायचं होतं. या परक्या, खाकीतल्या माणसासमोर, त्या डोळ्यांकडे बघत, स्वतःच्या लेकीबद्दल. तिने तोंड उघडलं. जीभ हलली नाही. तेवढ्यात इन्स्पेक्टर "ठीक आहे" म्हणून उठले.

कुणाल जाताना भाचीपाशी थांबला. हात फिरवायला गेला, मग हातावरचं रक्त बघून मागे घेतला, आणि नुसताच हसला. फाटक्या ओठाने जमेल तेवढं. ओटीवर पंढरी खांबाजवळून जरा सरकून बसला. वकीलशेठ आपल्या गाडीत बसले, जीपच्या मागोमाग. कुणाच्याही केसमध्ये ते स्वतः जात, तसे.

भावेशने टीव्ही लावला. आक्का खाली बसून भिंतीखालचा उरलेला भात पोतेऱ्याने पुसू लागल्या.

निशा मोरीत गेली. पिवळा फ्रॉक दोरीवर टाकायचा राहिला होता. तो तिने झटकला, उन्हाच्या तिरिपेत धरून पाहिला. डाग पुसट झाला होता, पण होता. मागून छोटे हात तिच्या कमरेभोवती आले. रुचिकाने तिच्या पाठीत तोंड खुपसलं. परीक्षेवरून घरी आली की खुपसते तसं.

"आई," ती म्हणाली, "बरोबर बोलले ना मी?"